आडनावाचे गाव

इंग्रजी शिकविण्यात माझी ३४ वर्षे गेली. घरी कोंकणी, दारी मराठी आणि शाळेत इंग्रजी हा बेळगावच्या आमच्यासारख्या कुटुंबांचा परिपाठच आहे. त्यात नवल काही नाही. नवल एवढेच की, इतकी वर्षे ती भाषा शिकवूनही तिच्यातील एका मोठ्या शब्दराशीकडे मी कधी डोळे उघडून पाहिले नाही. ती राशी म्हणजे विशेषनामांची. पाठात कुणाचे नाव आले की ते वाचायचे आणि पुढे सरकायचे. व्याकरणात विशेषनामाला अनेकवचन नसते एवढे सांगितले की त्याच्याविषयीचे आपले कर्तव्य संपले, अशी माझी समजूत होती.

एकदा आठवीच्या वर्गात वॉकर नावाच्या गृहस्थाचा पाठ चालला होता. मागच्या बाकावरील एका मुलाने विचारले, "सर, वॉकर म्हणजे चालणारा. मग हा माणूस सारखा चालतच असे काय?" वर्ग हसला, मीही हसलो, आणि म्हणालो, "अरे, इंग्रजांच्या नावांना अर्थ नसतो. ती नुसती हाक मारण्याची सोय. अर्थ असतो तो आपल्या नावांना." हे वाक्य मला स्वतःलाच इतके आवडले की पुढे प्रतिवर्षी कोठे ना कोठे मी ते वापरीत असे. गंमत अशी की वरच्या वर्गात वर्ड्‌स्वर्थची कविता शिकविताना मात्र, शब्दांचे मोल जाणणारा म्हणून हा वर्ड्‌स्वर्थ, असे सांगून मी मुलांच्या माना डोलावून घेत असे. एका वर्गात अर्थ नाही आणि दुसऱ्या वर्गात आहे, ही विसंगती माझ्या ध्यानात आली नाही. ध्यानात येण्याची गरजही नव्हती, कारण दोन्ही विधाने चुकीची होती.

वर्गातले वाक्य वर्गात राहिले असते तर ह्या लेखाचे कारण पडले नसते. परंतु ते घरात आले. आमची मुलगी उच्च शिक्षणासाठी यॉर्कशरमधील लीड्‌स येथे गेली आणि काही वर्षांनी तिकडच्याच एका मुलाशी विवाह करण्याचा मनोदय तिने कळविला. मुलाचे आडनाव ॲक्रॉइड. माझी आई तेव्हा हयात होती. वयाची ऐंशी उलटलेली, कानांनी अधू. तिने ते 'अक्रोड' असे ऐकले आणि क्षणभर विचार करून म्हणाली, "फळाचे आडनाव? असेना. फणसे नाहीत का आपल्यात?" तिच्यापुरता तो प्रश्न तेथेच मिटला. माझा मिटला नाही. ह्या आडनावाशी माझा परिचय म्हणजे अगाथा ख्रिस्तीच्या १९२६ सालच्या एका रहस्यकादंबरीपुरता. तीत ह्या नावाच्या गृहस्थाचा खून मुखपृष्ठावरच जाहीर केलेला आहे. मी मुलीला लांबलचक पत्र लिहिले. त्यात धर्म, अंतर, म्हातारपण हे सगळे होतेच. पण सर्वांत झणझणीत वाक्य म्हणून मी आपले ठेवणीतले शस्त्र काढले. ज्या लोकांना स्वतःच्या नावाचा अर्थही सांगता येत नाही, त्यांच्या घरात तू आपले अर्थपूर्ण नाव घेऊन जाणार काय, असे मी लिहिले.

तिने पत्राचे उत्तर पाठविले. त्यात बाकीच्या सर्व मुद्द्यांना उत्तर होते. ह्या वाक्याला नव्हते. विवाह तिकडे नोंदणी पद्धतीने झाला. आमची सौ. गेली. मी गुडघ्यांचे निमित्त सांगून घरी राहिलो. गुडघे खरोखरच दुखत होते, पण तितके नाही.

पुढे नात झाली, आणि तिच्या पहिल्या वाढदिवसाला गुडघ्यांनी तक्रार केली नाही. मुलीचे घर यॉर्कशरच्या कॅल्डर खोऱ्यात, हॅलिफॅक्सपासून जवळ. आमच्या आंबोली घाटाखाली उतरल्यासारखा तो प्रदेश. वर उजाड माळ, खाली अरुंद दरी, मधल्या उतारावर काळवंडलेल्या दगडांची घरे. तेथून चढण चढून गेले की हेप्टन्‌स्टॉल नावाचे जुने विणकरांचे गाव लागते. गावात एका आवारात दोन चर्चे आहेत. जुने १८४७ च्या वादळात मोडले म्हणून नवे बांधले आणि जुन्याचे भग्न भिंताड तसेच राहू दिले. त्याच्या भोवती थडगी इतकी दाट की शिळा उभ्या न राहता फरशीसारख्या एकीला एक लागून आडव्या पडलेल्या. लोक त्यांवरून खुशाल ये-जा करतात. मला मात्र अक्षरावर पाय देववेना. म्हणून मी कडेकडेने, खाली पाहत चालू लागलो, आणि खाली पाहत चालल्यामुळे वाचू लागलो.

तीच ती आडनावे पुन्हा पुन्हा. ग्रीनवुड. सट्‌क्लिफ. क्रॅबट्री. पुन्हा ग्रीनवुड. हिरवे रान, दक्षिणेकडचा कडा, रानटी सफरचंदाचे झाड. ह्यांतला एकही शब्द असा नव्हता की जो आठवीतल्या मुलाला शब्दकोशावाचून कळणार नाही. मी मान वर केली तर समोर कडा होता, खाली दरीत हिरवे रान होते. ३४ वर्षे मी मुलांना सांगत आलो की ह्या नावांना अर्थ नसतो, आणि येथे अर्थ पायाखाली पसरलेला होता. मागच्या बाकावरच्या त्या मुलाची मला आठवण झाली. तो आता पन्नाशीला आला असेल.

दुसऱ्या दिवशी मुलीने मला गावच्या वाचनालयात नेऊन सोडले. तेथे रीनी ह्या विद्वानाचा ब्रिटिश आडनावांचा कोश होता. पहिली आवृत्ती १९५८ ची. पुढे २०१६ साली ऑक्सफर्डने ह्याच विषयावर चार खंडांचा प्रचंड कोश काढला, पण माझे प्रायश्चित्त रीनीपासून सुरू झाले. प्रथम मी वॉकर उघडला.

वॉकर म्हणजे चालणारा हे खरे. पण रस्त्यावरून नव्हे, कापडावरून. मागावरून उतरलेले लोकरीचे कापड विरळ आणि तेलकट असते. ते हौदात घालून पाणी, एक प्रकारची माती आणि शिळे मूत्र ह्यांत तासन्‌तास पायांनी तुडवीत. तेणेकरून तेल सुटते, धागे एकमेकांत गुंततात आणि कापड दाट व उबदार होते. हे तुडविणारे ते वॉकर. पुढे बाराव्या शतकाच्या अखेरीपासून हे काम पाणचक्कीवर चालणारे लाकडी मोगर करू लागले. तुडविणारे पाय थांबले, नाव राहिले. ह्याच धंद्याला आग्नेय इंग्लंडात फुलर म्हणत आणि नैर्ऋत्येस टकर. म्हणजे एका हौदातून तीन आडनावे निघाली, आणि कोणते आडनाव कोणाचे ह्यावरून त्याचे पूर्वज देशाच्या कोणत्या कोपऱ्यातले हे ताडता येते. त्या मुलाचा प्रश्न अगदी रास्त होता. हा माणूस सारखा चालतच असे.

मग मी वर्ड्‌स्वर्थ काढला. त्यात शब्दही नाहीत आणि मोलही नाही. हॅलिफॅक्सच्याच परिसरात वॉड्‌स्वर्थ म्हणून गाव आहे. कोणा वाड्डी नावाच्या प्राचीन इसमाचे कुंपण घातलेले आवार, असा त्या नावाचा अर्थ. त्याचेच उच्चारभेदाने वर्ड्‌स्वर्थ झाले. मी ज्या बाकावर बसून हे वाचीत होतो तेथून ते आवार हाकेच्या अंतरावर होते. मला हसू आले, आणि ग्रंथपालबाईंनी चष्म्यावरून पाहिले.

त्यानंतर तीन आठवडे मी रोज तेथे जात होतो. जे हाती आले त्यातले सगळे येथे सांगत बसत नाही. पण मुळात आडनावाची गरज का पडली, हे सांगितल्यावाचून पुढचे कळणार नाही. १०६६ साली नॉर्मन लोकांनी इंग्लंड जिंकले, त्यापूर्वी तेथल्या माणसाला एकच नाव असे, आणि ते बहुधा दोन शब्दांचा समास असे. आपल्या देवदत्त, विश्वमित्र ह्या नावांसारखा. हे साम्य योगायोगाचे नाही. दोन पदे जोडून नाव घडविण्याची ही रीत आर्यभाषांच्या सामाईक पूर्वजांपासून संस्कृत, ग्रीक आणि जुनी इंग्रजी ह्या सर्वांकडे वारशाने आली, असे भाषाशास्त्रज्ञ मानतात. एडवर्डमधील 'एड' म्हणजे धन, भाग्य. 'वर्ड' म्हणजे रक्षक. आपल्याकडचा धनपालच तो. एडविनमधील 'विन' म्हणजे मित्र. तेव्हा एडविन हा शब्दशः आपला वसुमित्र. शुंगांच्या घराण्यातील वसुमित्र आणि नॉर्थंब्रियाचा राजा एडविन ह्यांची गाठ पडली असती तर भाषा कळली नसती, पण एकमेकांची नावे त्यांनी ओळखली असती. आल्फ्रेड म्हणजे यक्षांकडून मसलत मिळालेला. एथेलरेड म्हणजे थोर मसलतीचा. ह्या एथेलरेड नावाचा एक राजा ९७८ साली गादीवर आला आणि त्याच्या कारकिर्दीत डेन लोकांनी राज्य धुऊन नेले. पुढच्या पिढ्यांनी त्याला 'अनरेड' म्हणजे मसलत नसलेला अशी पदवी चिकटविली. आजची इंग्रजी मुले त्याला तयारी नसलेला राजा म्हणून हसतात. मूळ श्लेष त्यांनाही कळत नाही. आपण मात्र श्लेषावर पोसलेली माणसे, आपल्याला तो लगेच कळतो.

नॉर्मनांच्या मागोमाग विल्यम, रॉबर्ट, रिचर्ड, हेन्री ही नावे आली, चर्चकडून जॉन आणि टॉमस आले, आणि जुनी समासयुक्त नावे खेड्यापाड्यांतूनही हां हां म्हणता मागे पडली. जेत्यांच्या नावांची भुरळ पडते. हे गोमंतकातील वाचकाला समजावून सांगण्याची आवश्यकता नाही. परिणाम असा झाला की चौदाव्या शतकाच्या अखेरीस जॉन, विल्यम, टॉमस, रिचर्ड आणि रॉबर्ट ह्या पाच नावांतच निम्म्याहून अधिक पुरुष बसत. गावात जॉनच जॉन. १३७९ साली राजाने डोईपट्टी बसविली. पश्चिम यॉर्कशरच्या गावोगावच्या त्या याद्या आजही उपलब्ध आहेत. अशी यादी करणाऱ्या कारकुनाची अवस्था डोळ्यांपुढे आणावी. कोणता जॉन? लोहार जॉन, म्हणजे स्मिथ. घरे शाकारणारा जॉन, म्हणजे थॅचर. विलचा मुलगा जॉन, तो विल्सन. तांबड्या केसांचा तो रसेल. भाला परजणारा तो शेक्सपिअर. ओढ्याच्या उताराजवळ राहतो तो फोर्ड. धंदा, बाप, रूप-गुण आणि ठिकाण, ह्या चार विहिरींतून जवळपास सगळी इंग्रजी आडनावे भरून काढलेली आहेत.

बापाच्या नावाची गोष्ट मोठी खेळकर आहे. पाच नावांवर भागवायचे म्हटल्यावर लाडकी नावे वाढली, आणि ती यमक जुळवून वाढली. रिचर्डचा रिक, रिकचा हिक आणि डिक. रॉबर्टचा रॉब, त्याचे हॉब, डॉब आणि बॉब. रॉजरचा हॉज. मग ह्या लाडक्या नावांची आडनावे झाली. डिक्सन, हिक्स, हॉब्सन, डॉब्सन, हॉजसन. विठूचा आणि पांडूचा वंश ज्यांनी पाहिला आहे त्यांना ह्यात परकेपणा वाटू नये. आणि सगळे मुलगे बापाच्या नावानेच ओळखले जात असे नाही. इबटसन म्हणजे इसाबेलचा मुलगा, टिलटसन म्हणजे मटिल्डाचा. आई विधवा असेल, घरची कर्ती असेल, किंवा बाप सांगण्याजोगा नसेल. कोशकार कारण सांगत नाही. हे वाचताना मला छांदोग्यातला सत्यकाम आठवला. गोत्र विचारल्यावर त्याने आईचे नाव सांगितले, जाबाल म्हणून तो ओळखला गेला, आणि गौतमाने त्याला परत पाठविले नाही. हे आख्यान मी देवळातल्या प्रवचनांत अनेकदा ऐकले होते आणि प्रत्येक वेळी गौतमाच्या औदार्याला मान डोलावली होती. घरी गोत्राचा प्रश्न आला तेव्हा मात्र गुडघे पुढे केले.

ही नावे वंशपरंपरेने चालू लागली ती कोणत्याही कायद्याने नव्हे. जमीनजुमल्याचा वारसा आणि सरकारी दप्तर ह्यांच्या रेट्याने ती हळूहळू थिजली. जमीनदारांत आधी, सामान्यांत १४०० च्या सुमारास, उत्तरेकडे आणखी पुढे. नाव थिजल्याची खूण अशी की नाव एक आणि माणूस दुसरेच काही करतो. इंग्रजी काव्याचा आद्यपुरुष चॉसर. त्याच्या आडनावाचा अर्थ जोडे-मोजे करणारा. पण त्याचा बाप लंडनात द्राक्षासवाचा व्यापारी होता आणि तो स्वतः राजसेवेत. चर्मकाराचे काम त्या घरात कधीच मागे पडले होते. स्पेन्सर म्हणजे वाड्यातील शिधासामग्रीचा कारभारी, आपले कोठावळे. आज कोठावळ्यांच्या घरी कोठी कोठे आहे?

आता चौथी विहीर. वस्तुतः मी तिच्याशी लवकर यायला हवे होते, पण माझे पाय अडखळत होते. ठिकाणावरून पडलेली आडनावे इंग्लंडात विपुल. काही साध्या खुणांची आहेत. अटवुड म्हणजे रानापाशी राहणारा, अंडरहिल म्हणजे टेकडीखालचा. काहींत तर आपल्यासारखा संधी झालेला आहे. ॲश वृक्षापाशी राहणाऱ्याला जुन्या भाषेत 'ॲटन ॲश' म्हणत. त्यातला नकार पुढच्या शब्दाला चिकटला आणि नॅश हे आडनाव सिद्ध झाले. पण बहुतेक नावे गावांची आहेत, आणि त्यांविषयी कोशकार एक गोष्ट सांगतात ती इतकी उघड आहे की मला ती साठ वर्षांत सुचली नाही. गावावरून आडनाव पडते ते गाव सोडल्यावर. लिंकनमध्ये कोणाला लिंकन म्हणण्यात अर्थ नाही. तेथे सगळेच लिंकनचे. तो दुसऱ्या गावी जाऊन राहिला म्हणजे शेजारी म्हणतात, हा लिंकनचा. डरहॅम परगण्यातील वॉशिंग्टन ह्या गावावरून ज्यांचे नाव पडले, त्यांचा वंशज अमेरिकेत जाऊन राष्ट्राध्यक्ष झाला आणि त्या गावाचे नाव एका राजधानीला मिळाले. ते आडनाव वाहणाऱ्या कितीजणांनी मूळचे खेडे डोळ्यांनी पाहिले असेल?

मी कोश मिटला आणि थोडा वेळ तसाच बसलो. माझे आडनाव 'कर'ने संपते.

शेवटी मी ॲक्रॉइड उघडला. पहिला भाग 'ॲक', म्हणजे उत्तरेकडच्या बोलीत ओक वृक्ष. (आमच्याकडच्या ओकांशी त्याचा काही संबंध नाही, असता तर आमच्या आईला सोयरीक जुळविणे आणखी सोपे गेले असते.) दुसरा भाग 'रॉइड'. हा शब्द ह्याच डोंगराळ भागाचा. रान तोडून, मुळे खणून, मोकळी केलेली जमीन म्हणजे रॉइड. हॉलरॉइड, बूथरॉइड, मर्गट्रॉइड, अशी एक बिरादरीच ह्या खोऱ्यात आहे. ओकच्या रानातली मोकळी केलेली जमीन, आणि तेथून आलेला तो ॲक्रॉइड. आई फळावर अडली होती, पण झाडापर्यंत तीही पोहोचली होती. मी मात्र खुनापलीकडे गेलो नव्हतो.

मी तो मजकूर एका चिठीवर उतरून घेतला. घरी आलो तेव्हा मुलगी मोरीशी भांडी विसळीत होती. मी काही बोलायच्या आधीच, मागे न वळता, तिने विचारले, "बाबा, सापडला का अर्थ?"

इतक्या वर्षांत तिने त्या वाक्याचा उच्चार केला नव्हता. मी चिठी ओट्यावर ठेवली. ती हात पुसून वाचू लागली, आणि मी नातीला उचलून अंगणात गेलो. त्या वेळी ह्यापेक्षा अधिक शूर असे काही माझ्याने झाले नाही.

रात्री जेवताना जावयाला तिने ती चिठी वाचून दाखविली. तो रेल्वेत अभियंता आहे. बोलणे बेताचे, ऐकणे पूर्ण. तो म्हणाला, "मला नेहमी वाटे, ते नुसते एक नाव आहे." माझेच वाक्य, माझ्या जावयाच्या तोंडून, मला परत मिळाले. मग त्याने विचारले, "आणि तुमच्या आडनावाचा अर्थ काय?"

हा प्रश्न माझ्या आवडीचा. मी सरसावून बसलो. साष्टीतील एका गावावरून ते पडले. सोळाव्या शतकात पोर्तुगीज अमलाखाली देवळे मोडू लागली तेव्हा लोकांनी देव उचलले आणि नदी ओलांडून पलीकडच्या महालात नेले. १५६० च्या दशकात कुशस्थळीचा मंगेश प्रियोळला गेला, वेरण्याची म्हाळसा म्हार्दोळला, केळशीची शांतादुर्गा कवळ्याला. देवामागून आमचीही माणसे निघाली, आणि पुढे घाट चढून बेळगावला आली. नाव तेवढे बरोबर आणले. तो लक्ष देऊन ऐकत होता. मी थांबल्यावर म्हणाला, "ते गाव कसे आहे?"

मी कुलदेवतेच्या जत्रेला पन्नास वेळा तरी गेलो असेन. सभामंडपातल्या झुंबरांची संख्या मी सांगू शकतो. पण ज्या गावातून देव निघाले, ज्या गावाचे नाव मी आयुष्यभर सहीत लिहीत आलो, ज्याच्या बळावर मी मुलीला तसले पत्र लिहिले, ते गाव मी पाहिले नव्हते. माझ्या वडिलांनीही पाहिले नव्हते. मी तसे सांगितले. जावई म्हणाला, "ॲक्रॉइडही मी कधी शोधायला गेलो नाही." आम्ही दोघे गप्प राहिलो. मग नात रडू लागली आणि सगळे उठले.

तिच्या नावाबद्दल दोन शब्द. पहिले नाव आमच्याकडचे आहे. ते येथे छापले तर तिची आई रागावेल. दुसरे नाव तिच्या तिकडच्या पणजीचे, एडिथ. हेही जुन्या इंग्रजीतले समासयुक्त नाव. नॉर्मनांच्या रेट्यातूनही ते तग धरून राहिले आणि एकोणिसाव्या शतकात आल्फ्रेडसारख्या जुन्या नावांची पुन्हा हौस निर्माण झाली तेव्हा फुलले. 'एड' म्हणजे धन, हे वर आलेच. 'गिथ' म्हणजे संग्राम. लक्ष्मी आणि दुर्गा एका नावात. पणजीचे नाव पणतीला ठेवण्याची चाल तिकडेही आहे हे पाहून आमच्या सौ.ला इतके बरे वाटले, की कोशातले कोणतेही पान वाचून मला तितके वाटले नसेल.

दोन वर्षांनी ती सगळी मंडळी गोव्याला आली. कुलदेवस्थानात अभिषेक करायचा होता. पावती फाडणाऱ्या कारकुनाने नातीचे आडनाव विचारले. मी सांगितले. त्याने मान न उचलता 'अक्रोड' असे लिहिले. मी म्हटले, "ॲक्रॉइड. अर्धचंद्र द्या." त्याने खोडून नीट लिहिले. आत संकल्पाच्या वेळी भटजींनी मुलीचे गोत्र विचारले आणि मी क्षणभर जावयाकडे पाहिले. भटजी वृद्ध होते. त्यांना उत्तराची घाई नव्हती, आणि उत्तराची गरजही नव्हती. "ठाऊक नसेल तर काश्यप," असे म्हणून त्यांनी पळीत पाणी घेतले. शास्त्राने ही सोय किती शतकांपूर्वी करून ठेवली आहे, आणि मी घरी किती वर्षे अडून बसलो होतो!

दुपारी आम्ही नदी ओलांडून साष्टीत उतरलो आणि गाव शोधीत गेलो. गाव सापडले. माड, खाजन शेते, एक तळे, चर्चच्या बाजूला पाटी. देऊळ जेथे होते असे सांगतात तेथे आता काही नाही. एका घराच्या बलकांवात एक म्हातारी सुपारी कातरीत बसली होती. तिने हाक मारून विचारले, "तुमी खंयचे?"

मी छाती थोडी पुढे काढून माझे आडनाव सांगितले. गावाच्या नावाला 'कर' जोडलेले आडनाव, त्या गावात, त्या गावच्या बाईला. तिने सुपारी कातरायची थांबविली, डोक्यात गावचे सगळे वाडे फिरून आली आणि म्हणाली, "हांगा तें आडनांव कोणाचेंच ना."

मुलगी हसू लागली. मी जावयाला इंग्रजीतून सांगितले तेव्हा तोही हसला. त्याला कारण सांगावे लागले नाही. म्हातारीने त्याच्याकडे निरखून पाहिले आणि मला विचारले, "आनी हो खंयचो?" मी तिला माझ्या मोडक्या बेळगावी कोंकणीत सांगितले की, ह्याच्या पूर्वजांनी डोंगरात मोठमोठी झाडे तोडून जमीन मोकळी केली, तेथचा हा.

"म्हळ्यार कुमेरी करपी," ती म्हणाली, आणि आमच्यासाठी पाणी आणायला आत गेली.